रशियावाला, जर्मन आणि अवसरमोल भाऊ

अवसरमोल भाऊंनी त्या दोघांची नावं कधी घेतली नाहीत. एकाला ते रशियावाला म्हणत, दुसऱ्याला जर्मन. रशियावाला म्हणजे फार पूर्वी होऊन गेलेला एक कादंबरीकार आणि जर्मन म्हणजे साधारण त्याच काळातला एक तत्त्वज्ञ. त्यांची नावं घेताना जीभ अडखळते, आणि मोठ्या माणसाचं नाव अडखळत घेण्यापेक्षा न घेतलेलं बरं, असं भाऊंचं मत होतं. त्यामुळे आमच्या आरोग्य केंद्रात नव्याने आलेल्या माणसाला पहिले काही दिवस वाटायचं, की भाऊंच्या शेजारी या टोपणनावांचे दोन शेतकरी राहतात आणि त्यांचं बांधावरून भांडण चालू आहे.

केंद्र लोणार तालुक्यातलं. मी तिथे प्रयोगशाळा तंत्रज्ञ होते, मेहकरहून रोज बसने येऊन-जाऊन. भाऊ आरोग्य सेवक होते. ठरवून दिलेल्या गावांत दर पंधरवड्याला घरोघर जायचं, कोणाला ताप आहे का विचारायचं, असेल त्याच्या बोटाला सुई टोचून काचपट्टीवर रक्त घ्यायचं आणि ती काचपट्टी हिवतापाच्या तपासणीसाठी माझ्याकडे आणून द्यायची, हे त्यांचं काम. निघताना त्या घराच्या दारामागे खडूने तारीख आणि सही. काही आरोग्य सेवकांच्या तारखा महिनाभराच्या एकाच दिवशी लिहिलेल्या असत. भाऊंच्या तारखा खऱ्या असत. त्यांच्या काचपट्ट्या तर मला नाव न वाचता ओळखू यायच्या. जाड थेंब नखाएवढा, शेजारी दुसऱ्या काचेने ओढलेला रक्ताचा पातळ पसर जिभेच्या आकाराचा, शेवटाला न फाटलेला. दहा जणांच्या ढिगातून मी त्यांच्या वेगळ्या काढू शकत असे.

त्यांच्याकडे सायकल होती, पण गावाची हद्द आली की ते उतरत आणि सायकल हातात धरून चालत. "वरून इचारलं का लोक खालून खोटं सांगतात," म्हणायचे. 

शिक्षण बारावी आणि आरोग्याचा कोर्स. रशियावाला त्यांना मेहकरच्या एका रद्दीच्या दुकानात मिळाला होता, मराठीत, पुठ्ठा गेलेला. जर्मन आधी भेटला तो कुणा बी.ए.च्या विद्यार्थ्याने विकून टाकलेल्या गाइडमधून. त्या गाइडातल्या पंचवीस पानांवर त्यांचं समाधान झालं नाही, म्हणून बुलडाण्याला जाऊन ते वाचनालयाचे सभासद झाले. पुस्तक बदलायला एक सबंध रविवार जायचा. मी एकदा विचारलं, "भाऊ, या दोघांत तुमचं काय अडकलंय?"

"ताई, दोघंही एकच सवाल करून राह्यले," ते म्हणाले. "वर कोनी नसन तं मानसानं चांगलं काऊन वागावं? हा सवाल मले बी हाय. मी तं देव मानत नाही. मंग मी चांगला हाव का नुसता पकडल्या नाही गेलो?"

त्यांच्या फिरतीच्या वहीच्या मागच्या पानांवर दोन रकाने होते. डावीकडे रशिया, उजवीकडे जर्मनी. रकान्यांच्या रेघा मीच पट्टीने आखून दिल्या होत्या, कारण त्यांच्या हाताने त्या तिरक्या जात आणि मला ते बघवत नसे. देव या मथळ्याखाली डावीकडे लिहिलं होतं की रशियावाल्याला भीती वाटते, देव काढला तर माणसाला अडवणारं कोणी उरणार नाही. उजवीकडे, जर्मन म्हणतो देव गेलेलाच आहे, आता माणसाने स्वतःच्या पायावर उभं राहून आपली मूल्यं आपण घडवावीत. दया या मथळ्याखाली डावीकडे एकच ओळ होती: याचा सगळा भरवसा दयेवर. उजवीकडे: याला दयेचा संशय येतो, कारण दया करणारा वर बसतो आणि घेणारा खाली. या वाक्याखाली दोन वेळा रेघ मारलेली होती. भाऊ बौद्ध होते, गावाच्या कडेच्या वस्तीत वाढलेले. गावात दया कोण कोणावर करतं, हे त्यांना जर्मनकडून शिकायची गरज नव्हती.

तरीही ते जर्मनच्या पक्षात गेले नाहीत. "त्याले गर्दी आवडत नाही, हे ठीक हाय," म्हणायचे. "पन आपलं कामच गर्दीत हाय. जर्मनले एक महिना घरभेटी द्यायले लावा, मंग बोलू."

एकदा जेवणाच्या सुट्टीत त्यांनी मला त्यांचा स्वतःचा विचार सांगितला. तो मला आजही जसाच्या तसा आठवतो.

"दोघाईची अडचन एकच हाय, ताई. दोघंही समजून राह्यले का चांगुलपनाचं गाडगं देवाच्या खुंटीले टांगलेलं हाय. रशियावाला भेतो, खुंटी निघाली तं गाडगं फुटन. जर्मन म्हन्तो, निघाली ना खुंटी, फुटू द्या, नवं घडवू. आमच्या घरी खुंटीच नव्हती. गाडगं चुलीपाशी भुईवर ठेवलेलं. बाप रोज सकाळी पंचशील म्हनायचा आन कामाले जायचा. खोटं बोलनार नाही, म्हनायचा. कोनाले वचन देऊन राह्यला, असं मी इचारलं, तं म्हने, मलेच."

अशा गोष्टी ऐकायला आमचे शिपाई गफूरभाई बसलेले असत. गफूरभाई पाच वेळचे नमाजी आणि भाऊंचे जिवलग. दोघांचा वाद वर्षानुवर्षं एकाच जागी थांबलेला होता.

"गफूरभाई, तुमचा अल्ला पाहून राह्यला म्हून तुमी चोरी करत नाही. मले कोनी पाहून नाही राह्यलं, तरी मी करत नाही. मंग भारी कोन?"

"भारी तू," गफूरभाई डबा बंद करत म्हणायचे. "पन तुले कोनी पाहूनच नाही राह्यलं, तं आमाले कसं कळावं का तू करत नाही?"

यावर भाऊ मोठ्याने हसायचे आणि हात धुवायला जायचे. 

अशा कडक विचाराचा माणूस वागायला कडक असेल असं वाटेल. तसं नव्हतं. एकदा मी त्यांच्याबरोबर फिरतीवर गेले होते; एका गावात एक म्हातारी तापाने फणफणलेली, आणि बोट द्यायला तयार नाही. म्हणाली, आधी माझ्या देवाच्या पाया पड, मग टोच. भाऊ देवघरापुढे गेले, हात जोडले, डोळेही मिटले. बाहेर आल्यावर मी म्हटलं, "हे कुठल्या रकान्यात लिहिणार?"

"रशियावाल्याच्या," ते म्हणाले. "जर्मननं पाह्यलं असतं तं उठून गेला असता. पन बुढीचं बोट भेटलं का नाही?" मग चालता चालता थांबून म्हणाले, "डोळे मिटले ते जास्त झालं. तेवढं नाटक नव्हतं कराले पाह्यजे."

आता मार्चअखेरची गोष्ट.

आरोग्य सेवकाने महिन्याला अमुक काचपट्ट्या आणायच्याच, असं टार्गेट असतं. ताप आलेले लोक तेवढे सापडोत न सापडोत. काही जण मग एकाच माणसाच्या बोटातून चार काचपट्ट्या करतात आणि चार नावं घालतात. सगळ्यांना हे माहीत असतं. भाऊंनी ते कधी केलं नव्हतं, आणि त्यामुळे त्यांचं टार्गेट दरवेळी कमी भरायचं, मासिक सभेत बोलणी बसायची.

त्या महिन्यात भाऊ गडचिरोलीकडे साडूच्या मुलीच्या लग्नाला आठ दिवस जाऊन आले होते. आल्यापासून त्यांना बरं वाटत नव्हतं. उन्हाचा त्रास असेल म्हणून ते अंगावर काढत होते. महिन्याच्या शेवटच्या दिवशी त्यांनी पंधरा काचपट्ट्या आणून माझ्या टेबलावर ठेवल्या आणि घरी गेले.

दोन दिवसांनी मी त्या तपासायला घेतल्या. पहिल्या सहा निर्दोष. सातवीत हिवतापाचे जंतू. आठवीत जंतू. नववीत, दहावीत, शेवटपर्यंत. सलग नऊ. एकाच गावातली नऊ माणसं, आणि तेही अशा कोरड्या दिवसांत. साथच म्हणायची. मी नावांची यादी केली आणि डॉक्टरांकडे दिली. आमचे डॉक्टर तरुण, पुण्याकडचे, कामाला झटपट. त्यांनी लगेच सिस्टरला बोलावलं, नऊ जणांच्या चौदा दिवसांच्या गोळ्यांच्या पुड्या बांधायला सांगितल्या. सिस्टर पिशवी भरून चप्पल घालत होती, तेवढ्यात भाऊ आले. डोळे लाल, एप्रिलच्या उन्हात अंगावर स्वेटर.

"कुठं निघाल्या सिस्टर?"

"तुमच्याच गावाला. नऊ पॉझिटिव्ह निघाले तुमचे." तिने कौतुकानेच सांगितलं.

भाऊंनी माझ्या टेबलावरची यादी उचलली. ती वाचून झाल्यावर ते स्टुलावर बसले. मला वाटलं चक्कर आली. मी पाणी पुढे केलं. ते त्यांनी घेतलं नाही.

"ताई, हे नऊ नाहीत," ते म्हणाले. "हा एक हाय."

"कोण एक?"

"मी."

मग त्यांनी सांगितलं. त्या दिवशी सहा घरं झाली आणि पाय उचलेना. शाळेच्या ओट्यावर बसले. नऊ कमी होत्या. गावातलं प्रत्येक नाव, वय तोंडपाठ होतं. डाव्या हाताची बोटं संपली तेव्हा उजव्या हाताची टोचली. थंडी वाजत होती, तरी पसर जिभेच्या आकाराचेच काढले.

मी सूक्ष्मदर्शकाखाली नऊही पाहिल्या होत्या, आणि नऊही एकसारख्या आहेत हे माझ्या डोळ्यांना दिसलं होतं. अवसरमोल भाऊंच्या आहेत म्हटल्यावर मी दुसरा विचारच केला नव्हता.

"यादीत पाचवं नाव रेखाचं हाय," भाऊ म्हणाले. "तुळशीराम पाटलाची सून. तिले दिवस गेले. दुसरा महिना."

सिस्टरच्या हातातून पिशवी खाली आली. हिवताप मुळापासून घालवणाऱ्या त्या गोळ्या गरोदर बाईला द्यायच्या नसतात. सिस्टरकडे रेखाची नोंद नव्हती, कारण त्या गावात तीन महिने पूर्ण होईपर्यंत कोणी तोंडातून काढत नाही. सिस्टरने विचारलं असतं तरी रेखाने मान हलवून नाही म्हटलं असतं. भाऊंना कळलं होतं ते पाटलीणबाईंनी उलटीवर गोळी मागितली म्हणून.

डॉक्टरांनी सगळं ऐकून घेतलं. रागावले नाहीत. म्हणाले, "हे बघा अवसरमोल, तुम्ही वेळेवर सांगितलंत. आठ स्लाइड फुटल्या असं दाखवू, एक तुमच्या नावावर नोंदवू. तुम्ही औषध सुरू करा. कोणाचं काही बिघडलेलं नाही. विषय संपला."

मलाही ते पटलं. नऊच्या जागी एक, कागद स्वच्छ.

"साहेब, मी पाच मिनिटं उशिरा आलो असतो तं?" भाऊंनी विचारलं.

"पण आला नाहीत ना."

"म्हून सुटलो काय मी? मले नोटीस द्या."

डॉक्टर म्हणाले, नोटीस दिली की प्रकरण वर जाणार, सेवापुस्तकात कायमचं राहणार. भाऊंनी माझ्याकडून कोरा कागद मागून घेतला आणि स्वतःच जबाब लिहिला. अंगात ताप असताना अक्षर नेहमीसारखं सरळ होतं. पुढे त्यांची एक वेतनवाढ रोखली गेली आणि सेवापुस्तकात ती नोंद लाल शाईने झाली.

औषधाने ताप उतरल्यावर ते म्हणाले, आता नऊ नावांची खरी रक्तं घ्यायला हवीत. म्हणून मी, भाऊ आणि सामान धरायला गफूरभाई असे तिघे त्या गावी गेलो. नऊ नावं, पाच घरं. प्रत्येक घरी भाऊ आधी उभं राहून सांगायचे, तुमच्या नावावर मी माझं रक्त दिलं, मी खोटं केलं. चार घरी लोकांना नीट कळलंही नाही. एक जण म्हणाला, "बरं झालं ना भाऊ, आमची सुई वाचली."

पाचवं घर तुळशीराम पाटलांचं. पाटील ओसरीत बसलेले. भाऊंनी सांगितलं.

"म्हंजे माह्या नावावर तुहं रक्त?" पाटील म्हणाले.

"हाव."

"आन माह्या सुनेच्या बी?"

"तिच्या बी."

पाटील कशाबद्दल विचारत आहेत हे आम्हा सगळ्यांना कळत होतं. त्या घरात भाऊंसाठी कान तुटलेला एक वेगळा कप होता. भाऊंनीच मला तो एकदा हसत हसत दाखवला होता. आज ते हसत नव्हते.

"निंग इथून," पाटील म्हणाले.

"निंगतो. पन आधी ताईले बोट द्या. आता खरं रक्त पाह्यजे."

पाटलांनी तोंड भिंतीकडे फिरवलं आणि हात पुढे केला. मी टोचलं. दाराआडून रेखाने विचारलं, "मले काही गोळ्या खाव लागतीन काय, भाऊ?"

"नाही माय. तुले काहीच नाही झालेलं. जे झालं ते मले."

ती सगळी रक्तं निर्दोष निघाली.

परत येताना भाऊ गफूरभाईंच्या बरोबरीने चालू लागले. मग म्हणाले, "गफूरभाई, मी हरलो. कोनी पाहून नव्हतं राह्यलं आन मी केलं. तुमचं खरं निंगालं."

गफूरभाईंनी डोक्यावरची पेटी खाली ठेवली. "हरला कसा बे? सांगाले तुले कोनी पाठोलं? तुह्या तं वर कोनी नाही."

भाऊंनी ती पेटी उचलून आपल्या डोक्यावर घेतली. पुढच्या आठवड्यात मला म्हणाले, "ताई, एक गोष्ट ध्यानात आली. त्या दिवशी शाळेच्या ओट्यावर मी जर्मनचा आधार घेतला. टार्गेट काय, मूर्ख लोकाईचा नियम, आपल्यासारख्याले तो कायले पाह्यजे? पन जर्मननं असं कुठं लेहलं नाही. तो म्हन्तो, सोताले फसवू नोको. म्हंजे मी त्याच्या हिशोबानं बी नापास. आन रशियावाल्याच्या हिशोबानं तं नापासच. पहिल्यांदा दोघाईचं एकमत झालं."

"आणि तुमच्या वडिलांच्या हिशोबाने?"

"त्याईले तोंड दाखवाचं हाय अजून," ते म्हणाले. वडील जाऊन तेव्हा बरीच वर्षं झाली होती. देव न मानणाऱ्या माणसाने हे म्हणावं याचं मला नवल वाटलं.

रेखाला मुलगी झाली. बारशाला भाऊंना बोलावणं नव्हतं. पण दर पंधरवड्याला ते त्या दारात जात राहिले, ताप आहे का विचारत राहिले, दारामागे तारीख लिहीत राहिले. आणि जिथे म्हणून चार माणसं जमत, ग्रामसभा असो की शाळेचा कार्यक्रम, तिथे हिवतापाची माहिती देताना ते स्वतःची गोष्ट सांगत. मी एकदा म्हटलं, भाऊ, झालं आता, किती वेळा? म्हणाले, "मोजलं नाही." सगळं मोजून नोंदवणाऱ्या माझ्यासारखीला हे उत्तर सहन होणारं नव्हतं, पण त्यांच्या तोंडावरून कळत होतं की मोजून ते संपणारं नाही. स्वतःवरचा विश्वास एकदा गेला तो त्यांना परत मिळत नव्हता, आणि तो परत द्यायला त्यांच्या दृष्टीने वर कोणी नव्हतं.

ते निवृत्त झाले त्या दिवशी केंद्राच्या आवारात मंडप टाकला होता. माझी मेहकरला बदली झाली होती, मुद्दाम रजा काढून गेले. डॉक्टर नवे होते. तालुक्याचे साहेब आले होते, तेही नवे. त्यांनी भाषणात सांगितलं की अवसरमोल यांनी उभ्या नोकरीत एकही खोटी काचपट्टी दिली नाही.

भाऊ शाल आणि गुच्छ सांभाळत उठले. "साहेब, त्याच्यात एक दुरुस्ती हाय."

आणि त्यांनी पहिल्यापासून सांगायला घेतलं. लग्न, ताप, शाळेचा ओटा, नऊ नावं. साहेब खाली बघू लागले. सिस्टरने माझ्याकडे पाहिलं. मंडपात चुळबुळ सुरू झाली. भाऊ रेखाच्या गोळ्यांपर्यंत आले.

तेव्हा मागच्या रांगेतून काठी आपटल्याचा आवाज आला. तुळशीराम पाटील उभे होते. ते आलेत हेच मला माहीत नव्हतं. शेजारच्या खुर्चीवर रेखा, तिच्याजवळ दोन वेण्या घातलेली मुलगी.

"आबे, बस ना खाली!" पाटील ओरडले. "किती डाव सांगशीन? ग्रामसभेत सांगतलं, पोरीच्या शाळेत सांगतलं. आयकू आयकू कान किटले आमचे. सरकारच्या कागदावर ते रक्त माह्या नावावर चढलं ना? मंग ते माहं झालं. आता मी वापस देत नाही. बस!"

मंडप हसला. गफूरभाई सगळ्यात मोठ्याने हसले. भाऊ मात्र हसले नाहीत. ते पाटलांकडे बघत उभे राहिले, गुच्छ छातीशी धरून, जणू कोणी परक्या भाषेत काही विचारलं आहे आणि ते नीट समजून घेतल्याशिवाय उत्तर द्यायचं नाही.

पाटील उभेच होते. त्यांनी काठीने खुर्ची दाखवली.

मग अवसरमोल भाऊ बसले.